राजा परांजपे : एकच दिग्दर्शक, अनेक तऱ्हांचे चित्रपट

आपल्या पिढीला राजा परांजपे भेटले ते दूरदर्शनवर. ९ फेब्रुवारी १९७९ रोजी ते गेले, तेव्हा आपल्यापैकी कित्येक जण जन्मलेही नव्हते. तरी त्यांचा चित्रपट लागला की आजी, आई आणि आपण असे सगळे एकत्र बसून तो बघत असू. स्मरणिकेसाठी कुणावर लिहावे असा प्रश्न आला, तेव्हा म्हणूनच त्यांचे नाव आधी सुचले.

राजाभाऊंचा जन्म २४ एप्रिल १९१० रोजी मिरजेला झाला. आधी ते नट होते. १९४८ साली ‘जिवाचा सखा’ दिग्दर्शित केला, तेव्हा त्यांचे वय अडतीस होते. पुढे कथा-संवाद-गीतांना ग. दि. माडगूळकर, संगीताला सुधीर फडके आणि दिग्दर्शनाला राजाभाऊ असे त्रिकूट जमले आणि मराठी चित्रपटाला बहर आला.

या माणसाने यशाचा साचा करून ठेवला नाही. १९५० च्या ‘पुढचं पाऊल’मध्ये पु. ल. देशपांडे आणि हंसा वाडकर होते. १९५२ साली ‘लाखाची गोष्ट’ने महाराष्ट्राला मनसोक्त हसवले. त्याच वर्षीच्या ‘पेडगावचे शहाणे’ने वेडा कोण नि शहाणा कोण, असा प्रश्न हसत हसत विचारला. विनोदाचे नाणे खणखणीत वाजत होते. पण दोनच वर्षांनी त्यांनी ‘ऊन पाऊस’ काढला. ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) हळवा, तर ‘पाठलाग’ (१९६४) रहस्यमय. याच ‘पाठलाग’वरून राज खोसला यांनी हिंदीत ‘मेरा साया’ केला.

स्वतःच्या चित्रपटांत ते भूमिकाही करत, पण पडदा अडवून बसत नसत. राजा गोसावी ‘लाखाची गोष्ट’मुळे घराघरांत पोहोचले. रमेश देव यांना ‘आंधळा मागतो एक डोळा’मध्ये संधी मिळाली. बालकलाकार सचिन पहिल्यांदा दिसला तो ‘हा माझा मार्ग एकला’मध्ये. दिग्दर्शक राजदत्त हे त्यांच्याच हाताखाली शिकले. चांगल्या मास्तरांचे मोठेपण त्यांच्या विद्यार्थ्यांवरून कळते. आपल्या सर-बाईंसमोर हे वेगळे सांगायला नको.

माझ्या मते राजाभाऊंचा सर्वांत धाडसी चित्रपट ‘ऊन पाऊस’च. त्यात नायक तरणाबांड नाही. आयुष्यभर दुसऱ्यांची मुले घडवलेले एक म्हातारे मास्तर आणि त्यांची पत्नी यांची ती गोष्ट. ही कामे राजाभाऊ आणि सुमती गुप्ते यांनी केली. मुले आईवडिलांना वाटून घेतात, आणि जन्मभर एकत्र राहिलेल्या त्या दोघांची उतारवयात ताटातूट होते. लहानपणी तो पाहताना आपल्याला त्या मुलांचा राग यायचा. आज आपण नेमके त्या मुलांच्या वयाचे आहोत. कुणी परदेशात, कुणी पुण्या-बंगळुरूला, आणि आईवडील मात्र इथेच काशीगावात, मिरा रोडला, भाईंदरला. आता तो चित्रपट बघताना राग सोपा राहत नाही. आपल्यालाच उत्तर द्यावे लागते.

हसवणारा दिग्दर्शक लोकांना हवाच असतो. हसवता हसवता एकदा थांबून घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडे बघायला लावणारे राजाभाऊ होते. या सुट्टीत तो चित्रपट जरूर बघा, आणि शक्यतो आईवडिलांना शेजारी बसवून बघा.