शिक्षणमहर्षी भाऊसाहेब : पापळ ते दिल्ली

अकोल्याच्या कृषी विद्यापीठाला आपल्याकडचा कास्तकार अजूनही नुसते पीकेव्ही म्हणतो. बियाणे घ्यायला, शिवारफेरीला, माती तपासायला तो तिथे जातो. अमरावतीत शिवाजी म्हटले की कॉलेज की शाळा, एवढेच विचारावे लागते. ही दोन्ही नावे रोजच्या बोलण्यात इतकी मुरली आहेत की त्यांच्यामागचा माणूस मागे पडत चालला आहे. आपल्या वर्गातल्या निम्म्याअधिक मुलामुलींचे शिक्षण ज्यांच्या धडपडीशी कुठे ना कुठे जोडलेले आहे, त्या डॉ. पंजाबराव देशमुख यांचे चरित्र म्हणूनच या स्मरणिकेत थोडक्यात मांडतो.

भाऊसाहेबांचा जन्म २७ डिसेंबर १८९८ रोजी अमरावती जिल्ह्यातील पापळ येथे झाला. वडील शामराव, आई राधाबाई. घर शेतकऱ्याचे. पापळला प्राथमिक शिक्षण झाले आणि पुढची इयत्ता गावात नाही, ही त्या काळच्या प्रत्येक खेडुत मुलाची अडचण त्यांच्याही वाट्याला आली. मग चांदूर रेल्वे, मग कारंजा, मग अमरावतीचे हिंदू हायस्कूल अशी त्यांची शाळा गावोगाव फिरत राहिली. शिकायचे म्हणजे आधी घर सोडायचे आणि परक्या गावात राहण्याजेवण्याची सोय शोधायची. ज्याच्या घरी ऐपत नाही किंवा ज्याला जातीमुळे कोणी खोली देणार नाही, त्याचे शिक्षण तिथेच थांबायचे. भाऊसाहेबांनी पुढे जी कामे केली त्यांचे मूळ या अनुभवात आहे.

मॅट्रिकनंतर ते पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात गेले आणि १९२० साली उच्च शिक्षणासाठी इंग्लंडला रवाना झाले. घरची शेती म्हणजे कोरडवाहू कापूस-ज्वारीची. तिच्या जोरावर मुलाला विलायतेला पाठवणे हा शामरावांचा मोठाच धाडसी निर्णय होता. मुलाने तो वाया जाऊ दिला नाही. एडिंबरो विद्यापीठाची एम.ए. पदवी, संस्कृतची शिष्यवृत्ती, बॅरिस्टरची परीक्षा आणि ऑक्सफर्डची डॉक्टरेट एवढे सारे घेऊन ते १९२६ मध्ये परतले. वैदिक वाङ्मयातील धर्माचा उगम आणि विकास हा त्यांच्या संशोधनाचा विषय होता. पुढे १९३३ मध्ये ऑक्सफर्ड युनिव्हर्सिटी प्रेसने त्यावरचा त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध केला.

वेदांचा असा अभ्यास केलेला हा बॅरिस्टर अमरावतीला आला आणि अंबादेवीच्या मंदिरात अस्पृश्यांना प्रवेश मिळावा म्हणून झालेल्या चळवळीत उभा राहिला. १९२७ साल होते. त्याच नोव्हेंबरात डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या अध्यक्षतेखाली अमरावतीत या प्रश्नावर परिषद भरली होती. त्याच महिन्यात भाऊसाहेबांनी विमलाबाई वैद्य यांच्याशी आंतरजातीय विवाह केला. आज शंभर वर्षांनीही ज्या गोष्टीवरून घरे तुटतात, ती त्यांनी त्या काळात उघडपणे केली. विमलाबाई नंतर स्वतः सार्वजनिक कामात उतरल्या आणि पुढे संसदेतही गेल्या.

वकिली चांगली चालली असती. पण भाऊसाहेबांचे लक्ष वसतिगृहाकडे होते. अमरावतीत त्यांनी श्रद्धानंद छात्रालय सुरू केले. स्वामी श्रद्धानंदांचे नाव दिलेल्या या छात्रालयात सर्व जातींची मुले एकत्र राहत, एका पंगतीला जेवत. खेड्यातून आलेल्या मुलाला शहरात डोके टेकायला जागा मिळाली की निम्मी लढाई जिंकली, हे त्यांना स्वतःच्या शाळकरी वर्षांवरून ठाऊक होते. शाळा काढण्याइतकेच बोर्डिंग काढणे महत्त्वाचे, हा हिशेब त्यांनी आयुष्यभर सोडला नाही.

१९२८ मध्ये ते अमरावती जिल्हा कौन्सिलचे अध्यक्ष झाले. सार्वजनिक विहिरी सर्व जातींना खुल्या करणे आणि प्राथमिक शिक्षण खेड्यांत पोचवणे ही त्यांच्या कारकिर्दीतली ठळक कामे. शिक्षणाला पैसा लागतो आणि तो करातून येतो, हे स्पष्ट सांगायला ते कचरले नाहीत. लोकप्रियतेच्या दृष्टीने ते सोयीचे नव्हते. १९३० मध्ये मध्यप्रांत-वऱ्हाडच्या विधिमंडळात निवडून गेल्यावर त्यांच्याकडे शिक्षण, शेती आदी खात्यांचे मंत्रिपद आले. मंदीमुळे कापसाचे भाव कोसळलेले होते आणि सावकाराच्या वहीत शेतकरी बुडालेला होता. याच काळात प्रांतात कर्जलवादाचा कायदा झाला, त्यामागे भाऊसाहेबांचा आग्रह होता. १९३३ मध्ये मात्र ते मंत्रिपदाचा राजीनामा देऊन मोकळे झाले.

मंत्रिपद गेले, संस्था राहिली. १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला स्थापन झालेल्या श्री शिवाजी शिक्षण संस्थेने अमरावतीतून सुरुवात केली आणि हळूहळू वऱ्हाडभर शाळांचे जाळे विणले. हायस्कूल, वसतिगृह, मग महाविद्यालय, असा तो क्रम होता. अकोल्याचे श्री शिवाजी महाविद्यालय १९५४ मध्ये सुरू झाले. ज्या गावाला तोवर चौथीपुढचे शिक्षण माहीत नव्हते, तिथली मुले पदवीधर होऊ लागली. त्यांतलीच कित्येक मुले मास्तर होऊन पुन्हा खेड्यातल्या शाळांत गेली. आपल्याला शिकवणाऱ्या गुरुजनांच्या पिढीत अशी माणसे किती होती, ते आपण सारेच जाणतो.

संविधान सभेचे सदस्य म्हणून भाऊसाहेबांनी शेतकरी आणि मागासवर्गीय यांच्या बाजूने बऱ्याच दुरुस्त्या सुचवल्या. अनेक फेटाळल्या गेल्या, तरी ते पुढच्या कलमाला पुन्हा उभे राहत. १९५२, १९५७ आणि १९६२ अशा तीन निवडणुकांत ते लोकसभेवर गेले आणि नेहरूंच्या मंत्रिमंडळात सुमारे दहा वर्षे शेतीचे काम पाहिले. जपानी पद्धतीच्या भातशेतीचा प्रसार त्यांच्याच काळात देशभर झाला. १९५५ मध्ये त्यांनी भारत कृषक समाज स्थापन केला. गिरणीमालकांच्या आणि व्यापाऱ्यांच्या संघटना दिल्लीत होत्या, शेतकऱ्याची मात्र नव्हती. ती उणीव त्यांना भरायची होती. १९५९ च्या डिसेंबरात दिल्लीत जागतिक कृषी प्रदर्शन भरले, तेव्हा अमेरिकेचे अध्यक्ष आयसेनहॉवर तिथे आले होते. देशाच्या कानाकोपऱ्यातून आलेल्या शेतकऱ्याने इतर देशांची अवजारे आणि पिके तिथे स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली. पापळच्या शिवारातून निघालेल्या माणसाने भरवलेली ती एक मोठी शाळाच होती.

१० एप्रिल १९६५ रोजी दिल्लीत भाऊसाहेबांचे निधन झाले. वय अवघे सहासष्ट. वऱ्हाडात शेतीचे विद्यापीठ पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. ते सहज मिळालेही नाही. १९६७ च्या ऑगस्टमध्ये अकोल्यात कृषी विद्यापीठासाठी मोठे आंदोलन पेटले, गोळीबार झाला आणि त्यात जीव गेले. २० ऑक्टोबर १९६९ रोजी विद्यापीठ अकोल्याला स्थापन झाले आणि त्याला पंजाबरावांचे नाव मिळाले. पाटीवरचे ते नाव वाचताना भाऊसाहेबांबरोबर त्या हुतात्म्यांचीही आठवण ठेवायला हवी.

भाऊसाहेबांकडे कारखाने नव्हते, गडगंज वारसा नव्हता. दानशूर म्हणून आपण ज्यांची नावे घेतो ते बहुधा आधी कमावतात आणि मग देतात. भाऊसाहेबांनी विलायतेत मिळवलेले शिक्षण हीच त्यांची कमाई, आणि ती त्यांनी परत आल्या आल्या वाटायला काढली. त्यांच्या संस्थांवर पुढच्या काळात टीकाही झाली. निवडणुका, गटबाजी, नेमणुका हे विषय वऱ्हाडातल्या कोणत्याच शिक्षणसंस्थेला चुकले नाहीत. पण ज्या मुलाला गावात पुढचा वर्ग नाही त्याच्यासाठी कुठे तरी बाक आणि ताट असले पाहिजे, ही त्यांची मूळ मांडणी आजही तितकीच खरी आहे.

आज वर्ग गावोगाव आहेत, एस.टी.चा पास आहे. तरीही दहावीनंतर शिक्षण सुटलेल्या मुली आपल्या आसपासच्या खेड्यांत भेटतात. कारण बहुतेक वेळा तेच असते : शहरात राहायचे कुठे? स्नेहमेळाव्यांतून जमणाऱ्या निधीतून प्रवेशद्वार, रंगमंच, फरशी अशी कामे होतात आणि तीही हवीतच. त्यासोबत दरवर्षी एका-दोघींच्या वसतिगृहाची फी भरण्याची तरतूद आपण मित्रमैत्रिणींनी केली, तर पापळच्या त्या विद्यार्थ्याचे आपल्यावरचे थोडे ऋण फिटेल. त्या मुलींच्या नावांची पाटी कुठे लागणार नाही. त्या शिकतील, एवढे पुरे आहे.