अखेरची यात्रा टिपणारे नामदेवराव व्हटकर

दर ६ डिसेंबरला बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेची कृष्णधवल चित्रफीत आपण एकमेकांना पाठवतो. ती कुणी टिपली, हे मात्र कुणी विचारत नाही.

ते काम नामदेवराव व्हटकरांचे. कराडकडचे हे लेखक, नाटककार पुढे चित्रपटात आले. ७ डिसेंबर १९५६ रोजी राजगृहापासून दादर चौपाटीपर्यंत लाखोंचा जनसागर लोटला, तेव्हा त्यांनी पदरमोड करून चित्रीकरण केले. त्या काळी फिल्मच्या फुटाफुटाला पैसे लागत. मागे कुणी धनिक निर्माता नव्हता. ‘कथा माझ्या जन्माची’ हे त्यांचे आत्मकथनही आज किती तरुणांनी वाचले असेल? वस्तीत ही फीत दाखवताना आम्ही पडद्यावर आधी त्यांचे नाव लावतो.