सावल्यांच्या खेळातला डॉक्टर

मराठी रसिकांना ज्यांनी अक्षरशः वेड लावले, त्या डॉ. काशिनाथ घाणेकरांचे नाव निघाले की आपल्यापुढे उभा राहतो तो संभाजी, नाहीतर लाल्या. मला मात्र ते प्रथम भेटले एका भुताच्या चित्रपटात. तेव्हा मी शाळेत होतो आणि आमच्या घरी त्या रात्री कोणी एकटे अंगणात गेले नव्हते.

घाणेकर मूळचे चिपळूणचे. मुंबईत शिकून ते दंतवैद्य झाले. म्हणजे नावामागचे 'डॉक्टर' हे बिरूद शोभेचे नव्हते. पण मन रमले रंगभूमीवर. वसंत कानेटकरांचे 'रायगडाला जेव्हा जाग येते' हे नाटक 1962 साली आले आणि त्यातील संभाजीने हा दंतवैद्य एका रात्रीत नट म्हणून महाराष्ट्राला माहीत झाला. बापाच्या मायेला आसुसलेला, चिडणारा, आतून पोळलेला तो युवराज प्रेक्षकांना पोथीतला वाटला नाही. आपल्याच घरातला वाटला. पुढे 1966 साली कानेटकरांचेच 'अश्रूंची झाली फुले' आले. प्रभाकर पणशीकरांचे प्राध्यापक विद्यानंद आणि घाणेकरांचा बेफाम विद्यार्थी लाल्या! कॉलेजातल्या मुलांनी लाल्याला डोक्यावर घेतले यात नवल ते काय? आपल्या स्नेहसंमेलनांत आजही कोणीतरी कॉलर वर करून तो प्रवेश करतोच, आणि बहुधा वाईट करतो.

जाहिरातीत साऱ्या नटांची नावे झाल्यावर, थोडे थांबून, शेवटी त्यांचे नाव येई. तेवढ्यावर तिकिटे खपत.

पण मला सांगायचे आहे ते त्यांच्या दोन चित्रपटांविषयी. मराठी चित्रपटाजवळ पैसा कधीच फार नव्हता. भीती दाखवायची तर यंत्रांचे चमत्कार परवडत नसत. एक जुना वाडा, कंदील, भिंतीवरची सावली आणि एखादी गाण्याची लकेर यांवरच भागवावे लागे. राजा परांजपे यांचा 'पाठलाग' 1964 साली आला. जयंत देवकुळे यांच्या 'आशा परत येते' या कादंबरीवर तो बेतलेला होता. पत्नीच्या मृत्यूचे दुःख करणाऱ्या वकिलासमोर तिच्यासारखीच दिसणारी एक आरोपी स्त्री उभी राहते आणि मीच तुमची बायको म्हणते. येथे भूत नाही, पण वकिलाचे स्वतःच्या डोळ्यांवरून उडत चाललेले विश्वासाचे पाखरू भुताहून भयंकर आहे. घाणेकरांनी तो गोंधळ आरडाओरड न करता दाखवला. हिंदीवाल्यांनी याच कथेवर 1966 साली 'मेरा साया' काढला.

दुसरा, वसंत जोगळेकरांचा 'हा खेळ सावल्यांचा', 1976 सालचा. हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत, सुधीर मोघ्यांची गीते. आशा काळे यांची नायिका मेलेल्या माणसाच्या भासाने झुरत जाते आणि घाणेकरांचा डॉक्टर त्या भुताचा माग वाड्यात न काढता तिच्या मनात काढतो. आमच्याकडे ही गोष्ट साधी नाही. लातूर काय, नांदेड काय, खेड्यात एखादी बाई रात्री दचकून उठू लागली की पहिली वाट मांत्रिकाची. आमच्या गल्लीतल्या एका काकूंना असेच दोन वर्षे लिंबू-नारळात फिरवले. डॉक्टरांकडे नेले तेव्हा त्या पार खंगल्या होत्या. आमच्या घरी हा चित्रपट लागला त्या रात्री काकू आमच्यातच बसल्या होत्या. शेवटपर्यंत हलल्या नाहीत. उठताना आईला एवढेच विचारून गेल्या, की असे डॉक्टर खरेच असतात का. पुढे नांदेडला त्यांना घेऊन गेली ती आईच. त्या आता बऱ्या आहेत.

पडद्यावर दुसऱ्याच्या मनातली सावली पुसणाऱ्या या माणसाला स्वतःची सावली मात्र आवरली नाही. टाळ्या आणि शिट्यांची चटक लागली होती. मद्य जवळचे झाले. प्रयोगांवर त्याचा परिणाम होऊ लागला, माणसे दुरावली. पहिला संसार मोडला; पुढे अभिनेत्री सुलोचनाबाईंच्या कन्या कांचन यांच्याशी त्यांनी विवाह केला. त्यांनीच नंतर 'नाथ हा माझा' या पुस्तकात हे सारे काहीही न झाकता लिहिले. भक्तांना ते रुचले नसेल, पण मला तरी त्या पुस्तकामुळे घाणेकर अधिक जवळचे वाटतात.

शेवटही दौऱ्यावरच आला. नाटकासाठी अमरावतीला गेलेले असताना 2 मार्च 1986 रोजी त्यांचे निधन झाले. वयाची साठीही गाठली नव्हती. ठाण्यात त्यांच्या नावाचे नाट्यगृह आहे. 2018 साली सुबोध भावे यांनी त्यांची भूमिका केलेला चित्रपट आला, तो आमच्या वर्गातील पुष्कळांनी पाहिला. 'हा खेळ सावल्यांचा' मात्र फार थोड्यांनी पाहिला आहे. काकूंनी तो नंतर आणखी दोनदा पाहिला.