रे. सॅमसन ऑकम यांचें चरित्र आणि एका शाळेची सनद

शाळा कोणाची, हा प्रश्न गांवोगांवीं निघतो. पैसा एकानें दिलेला असतो, जमीन दुसऱ्यानें दिलेली असते, शिकविणारा तिसरा असतो, आणि मुलें चवथ्याचीं असतात. सर्वांचें एकमत असतें तोंपर्यंत हा प्रश्न कोणी विचारीत नाहीं. तंटा लागला म्हणजे मात्र कागदांत काय लिहिलें आहे तेवढेंच पाहिलें जातें. अशा एका शाळेच्या पायीं ज्यांस मोठें दुःख सोसावें लागलें, त्या रे. सॅमसन ऑकम यांचें चरित्र आम्ही आज वाचकांपुढें ठेवितों. त्यांस जाऊन दोनशेंहून अधिक वर्षें लोटलीं, तरी आमच्या मंडळ्यांतील पंचांस व शिक्षकांस त्यांतून घेण्यासारखें पुष्कळ आहे.

उत्तर अमेरिकेंतील कनेटिकट वसाहतींत न्यू लंडन शहराजवळ मोहेगन नांवाचे लोक राहत. ते त्या देशाचे मूळचे रहिवासी. यूरोपांतून प्रथम गेलेल्या लोकांस आपणांस हिंदुस्थानच सांपडला असें वाटलें, म्हणून त्यांनीं ह्या लोकांस इंडियन म्हटलें, आणि तेंच नांव रूढ झालें. ह्या मोहेगन लोकांत १७२३ सालीं सॅमसनचा जन्म झाला. शिकार व मासेमारी ह्यांवर त्यांचा निर्वाह चाले, आणि लिहिणें वाचणें त्या वस्तींत जवळजवळ कोणासच ठाऊक नव्हतें.

१७४० च्या सुमारास त्या वसाहतींतील मंडळ्यांत मोठी धर्मजागृति झाली, आणि उपदेशक मोहेगन वस्तींतहि येऊं लागले. सॅमसनची आई सारा हिनें विश्वास धरिला. सतराव्या वर्षाच्या सुमारास मुलाचेंहि अंतःकरण प्रभूकडे वळलें, आणि शास्त्र आपण स्वतः वाचावें अशी तळमळ त्यास लागली. त्यानें मुळाक्षरांचें पुस्तक मिळविलें, आणि ज्या इंग्रज शेजाऱ्यास वाचतां येई त्याच्या दारीं जाऊन तो धडा विचारून घेई. १७४३ सालीं तो लेबनॉन नांवाच्या गांवचे पाळक एलियाझर व्हीलॉक यांच्याकडे गेला. दोन तीन आठवडे तरी राहावयास मिळावें एवढीच त्याची आशा होती. परंतु व्हीलॉकसाहेबांनीं त्यास सुमारें चार वर्षें ठेवून घेतलें. डोळे अधू झाले म्हणून पुढें कॉलेजांत जाण्याचें राहून गेलें.

१७४९ सालीं ऑकम लाँग आयलंड बेटावरील माँटॉक लोकांत शाळा चालवूं लागले. दिवसा मुलांस शिकवावें, शब्बाथ दिवशीं उपदेश करावा, आजाऱ्यांस भेटावें, लोकांचे तंटे तोडावे, असें तें काम होतें. तेथेंच मेरी फाउलर ह्या बाईशीं त्यांचा विवाह झाला. वेतन पुरेसें नव्हतें. म्हणून ते मका पेरीत, मासे धरीत, लांकडाचे चमचे कोरीत व पुस्तकें बांधीत. १७५९ सालीं त्यांस पाळकपणाची दीक्षा मिळाली. पुढें त्यांनीं स्वतःच हिशेब मांडून दाखविला कीं, बारा वर्षांच्या सेवेबद्दल आपणांस जे १८० पौंड मिळाले, तेवढेच एका तरुण गोऱ्या मिशनरीवर व त्याच्या दुभाषा वगैरे सोबत्यांवर एका वर्षांत खर्च झाले.

इकडे ऑकम यांच्या शिक्षणाचें फळ पाहून व्हीलॉकसाहेबांस वाटलें कीं, एका मुलाचें जें झालें तें पुष्कळांचें होईल. १७५४ सालीं त्यांनीं मूळ रहिवाशांच्या मुलांकरितां शाळा काढिली. मूर नांवाच्या गृहस्थानें घर व जमीन दिली, म्हणून ती मूर यांची धर्मार्थ शाळा ह्या नांवानें प्रसिद्ध झाली. पैशाची अडचण पडूं लागली तेव्हां १७६५ च्या शेवटीं ऑकम यांस नथानिएल व्हिटेकर ह्या पाळकांबरोबर विलायतेस पाठविण्यांत आलें. आपल्या बायकोमुलांचा सांभाळ व्हीलॉकसाहेब करितील ह्या भरंवशावर ते निघाले.

इंग्लंड व स्कॉटलंड येथें ते दोन वर्षांहून अधिक काळ फिरले, आणि ऑकम यांनीं तीनशेंहून अधिक उपदेश केले. मूळ रहिवाशांपैकीं एक मनुष्य शुद्ध इंग्रजींत सुवार्ता सांगत आहे हें ऐकण्यास लोकांचे थवेच्या थवे येत. राजे तिसरे जॉर्ज यांनीं २०० पौंड दिले. गरिबांनीं आपापल्या परीनें दिलें. आणि सर्व मिळून सुमारें १२,००० पौंड जमले. इंग्लंडांतील रकमेवर विश्वस्त नेमण्यांत आले, व अर्ल ऑफ डार्टमथ हे त्यांचे अध्यक्ष झाले. देणारांनीं दिलें तें मूळ रहिवाशांच्या मुलांच्या शिक्षणाकरितां, ह्याविषयीं ऑकम यांच्या मनांत कांहीं संशय नव्हता. कारण त्याच कामासाठीं त्यांनीं दारोदार हात पसरला होता.

१७६८ सालीं ते परत आले, तों घरीं कुटुंब आजारानें व दारिद्र्यानें गांजलेलें. शाळेचाहि रंग पालटत चालला होता. व्हीलॉकसाहेबांची बाजूहि येथें सांगणें न्याय्य आहे. त्यांच्या शाळेंतील कांहीं मुलें मरण पावलीं, कांहीं परत आपल्या लोकांत जाऊन शिकलेलें टाकून बसलीं, आणि वनायडा लोकांनीं आपलीं मुलें काढून नेलीं. गोऱ्या तरुणांसच शिकवून मिशनरी करून पाठविलें तर तेंच काम अधिक चांगलें होईल, असें त्यांच्या मनानें घेतलें. परंतु ज्यांच्या नांवानें पैसा गोळा झाला त्यांस विचारून हा बेत ठरला नव्हता.

१३ डिसेंबर १७६९ रोजीं न्यू हॅम्पशर वसाहतीचे गव्हर्नर जॉन वेंटवर्थ यांनीं राजाच्या नांवें डार्टमथ कॉलेजाची सनद दिली. तींत मूळ रहिवाशांच्या मुलांचें शिक्षण हा उद्देश लिहिला होता, आणि त्याबरोबर इंग्रज व इतर तरुणांचेंहि नांव होतें. कारभार बारा विश्वस्तांच्या हातीं दिला. जागा रिकामी झाली तर ती त्यांनींच भरावी, आणि व्हीलॉकसाहेबांनीं मृत्युपत्रानें आपल्यामागें अध्यक्ष नेमावा, असें ठरलें. विलायतेंतील विश्वस्तांस आधीं विचारलें गेलें नाहीं, व त्यांस हें आवडलेंहि नाहीं. बारा विश्वस्तांत गव्हर्नर होते, सरकारी अंमलदार होते, पाळक होते. परंतु मूळ रहिवाशांपैकीं एकहि नव्हता, आणि ऑकमहि नव्हते.

१७७० सालीं हॅनोवर गांवीं कॉलेज उभें राहिलें, आणि तेथें बहुतेक गोरेच विद्यार्थी भरूं लागले. १७७१ सालीं ऑकम यांनीं व्हीलॉकसाहेबांस पत्र लिहून आपलें दुःख स्पष्ट कळविलें. आपण आपल्या भाऊबंदांसाठीं भीक मागितली, आणि तिचा उपयोग दुसऱ्यांकडे वळला, हें त्यांस अत्यंत झोंबलें. परंतु त्यांच्या हातीं अधिकाराचा एकहि कागद नव्हता. बोलण्यापलीकडे त्यांस कांहीं करितां येईना. १७७३ सालीं मोहेगन लोकांचा जमिनीविषयींचा जुना दावाहि विलायतेंतील निकालानें बुडाला.

दुसरा कोणी असता तर मंडळी सोडून बसला असता. ऑकम यांनीं उपदेश सोडला नाहीं. १७७२ सालचा त्यांचा एक उपदेश छापून निघाला, व तो पुष्कळांनीं वाचला. १७७४ सालीं त्यांनीं गीतसंग्रह प्रसिद्ध केला. निरनिराळ्या वस्त्यांतील मूळच्या ख्रिस्ती लोकांस एकत्र करून वनायडा लोकांनीं दिलेल्या जमिनीवर नवें गांव वसवावें, असा बेत त्यांनीं आपल्या सोबत्यांसह केला. मध्यें युद्धामुळें तो अडला. १७८५ सालीं ब्रदरटाउन, म्हणजे भावांचें गांव, वसूं लागलें. १७८९ सालीं ऑकमहि कुटुंबासह त्या मुलखांत गेले, आणि १४ जुलै १७९२ रोजीं तेथेंच त्यांचा अंत झाला.

त्यांच्यामागें त्याच कॉलेजाच्या अधिकाराविषयीं जो खटला झाला, तो अमेरिकेंतील प्रत्येक वकिलास ठाऊक असतो. एलियाझर व्हीलॉक १७७९ सालीं वारले, व मृत्युपत्राप्रमाणें पुत्र जॉन हे अध्यक्ष झाले. पुढें त्यांचें व विश्वस्तांचें बिनसलें, आणि १८१५ सालीं विश्वस्तांनीं त्यांस काढून टाकिलें. १८१६ सालीं न्यू हॅम्पशरच्या कायदेमंडळानें सनद बदलली: कॉलेजाचें विद्यापीठ केलें, बारा विश्वस्तांचे एकवीस केले, आणि त्यांवर देखरेख करणारें आणखी एक मंडळ नेमिलें. एका गांवांत एकाच संस्थेचे दोन धनी झाले. सनद, शिक्का व हिशेबाच्या वह्या विल्यम वुडवर्ड ह्या खजिनदाराजवळ होत्या, व ते नव्या पक्षास मिळाले. म्हणून जुन्या विश्वस्तांनीं त्या परत मिळाव्या असा दावा लाविला. न्यू हॅम्पशरच्या न्यायालयांत ते हरले. मग त्याच कॉलेजांत शिकलेले वकील डॅनिएल वेब्स्टर यांनीं १८१८ सालीं अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयांत त्यांची बाजू मांडिली. २ फेब्रुवारी १८१९ रोजीं सरन्यायाधीश जॉन मार्शल यांनीं निकाल दिला: सनद हा करार आहे, कॉलेज ही खासगी धर्मादाय संस्था आहे, आणि राज्यास हा करार मोडतां येत नाहीं. पांच न्यायाधीश ह्या बाजूस होते, एक विरुद्ध होता.

देणगीदारांचा हेतु सुरक्षित राहावा, हें त्या निकालाचें एक मुख्य कारण होतें, आणि तें कारण योग्यच आहे. परंतु खटला राज्य व विश्वस्त ह्या दोघांतच चालला. ज्या मुलांकरितां दूर देशच्या गरिबांनीं पैसे दिले होते, त्यांच्या वतीनें न्यायालयांत कोणीहि उभें नव्हतें. कारण सनदेनें त्यांस शिकण्याची जागा दिली होती, कारभाराची दिली नव्हती. पहिल्या दोनशें वर्षांत त्यांच्यांतील वीस जणहि त्या कॉलेजांतून पदवीधर होऊन बाहेर पडले नाहींत. १९७० सालीं कॉलेजानें मूळ उद्देशाकडे वळण्याचें ठरविलें. आणि १९७० नंतर त्यांचे शेंकडों तरुण तेथें शिकले. एप्रिल २०२२ मध्यें ऑकम यांचे हस्तलिखित कागद, जे इतकीं वर्षें कॉलेजाजवळ होते, ते मोहेगन लोकांस समारंभानें परत देण्यांत आले.

वाचकहो, व्हीलॉकसाहेब दुष्ट नव्हते, आणि ऑकम भोळे नव्हते. दोघांचा एकमेकांवर विश्वास होता, म्हणूनच कोणी कांहीं लिहून ठेविलें नाहीं. प्रीति असतांना लिहिलेला कागद प्रीति कमी करीत नाहीं. ती आटल्यावर तो दुर्बळाचा आधार होतो. तुमच्या गांवीं शाळेसाठीं वर्गणी जमली, तर ती कोणाकरितां जमली हें वहींत पहिल्या ओळीस लिहा, आणि ज्यांचीं मुलें त्या शाळेंत बसणार त्यांच्यापैकीं कोणी तरी पंचांत असूं द्या. आणि इतकें करूनहि अन्याय पदरीं आला, तर ऑकम यांच्याप्रमाणें तो तोंडावर सांगा, व मग आपलें काम पुन्हा हातीं घ्या.