प्रश्नचिन्हामागचा माणूस

१९३१ साली ‘फ्रँकेन्स्टाइन’ हा चित्रपट अमेरिकेत झळकला, तेव्हा आरंभीच्या नामावलीत राक्षसाच्या भूमिकेसमोर नटाचे नाव नव्हते. केवळ प्रश्नचिन्ह होते. प्रेक्षकांचे कुतूहल चाळवण्याची ती क्लृप्ती असेल. परंतु चव्वेचाळिशीच्या उंबरठ्यावरही अज्ञातच राहिलेल्या त्या नटाला ते चिन्ह शोभून दिसले, हेही खरे.

त्याचे मूळ नाव विल्यम हेन्री प्रॅट. जन्म १८८७ सालचा, लंडनचा. वडील हिंदुस्थानात इंग्रज सरकारच्या चाकरीत होते आणि घराण्यात हिंदी रक्तही होते. घरच्यांना अभिप्रेत असलेली सरकारी नोकरीची वाट सोडून हा धाकटा मुलगा १९०९ साली कॅनडास गेला, बोरिस कार्लॉफ बनला आणि फिरत्या नाटक मंडळ्यांत शिरला. पुढे हॉलिवुडमध्ये दुय्यम भूमिका करताना पोटासाठी त्याने मजुरीही केली.

दिग्दर्शक जेम्स व्हेल याने त्याला राक्षस केले. सपाट माथा, मानेतून निघालेले विजेचे खुंट ही रंगभूषाकार जॅक पियर्सची करामत. जगभरची मुले राक्षस काढतात तो अजूनही हाच. मेरी शेलीच्या १८१८ सालच्या कादंबरीतील प्राणी चांगला वक्ता आहे. चित्रपटाने त्याची वाचाच काढून घेतली. मग कार्लॉफच्या हाती उरले काय? डोळे आणि हात. अंधारात कोंडलेल्या त्या जीवावर छताच्या झरोक्यातून प्रथमच उजेड पडतो, तेव्हा तो तान्ह्या मुलासारखे हात वर करतो. निर्माता झरोका बंद करतो. हात मात्र याचना करीत राहतात. विज्ञानाने जीव घडवला, हा येथे अपराध नव्हे. घडवून त्याला वाऱ्यावर सोडले, हा अपराध. आणि लोकांनी निर्मात्याचे नाव त्या बापड्या प्राण्यालाच चिकटवून टाकले!

जड बूट आणि तासन्‌तास चालणारी रंगभूषा सोसून कार्लॉफला निर्मात्याची भूमिका करणाऱ्या नटाला खांद्यावर घेऊन पुनःपुन्हा टेकडी चढावी लागली. पाठीचे दुखणे त्याला जन्मभर पुरले. १९३३ साली नटांची कामगार संघटना उभी राहिली, तिच्या संस्थापक सभासदांत तो होता, यात नवल नाही.

१९६९ साली इंग्लंडमध्ये त्याचे निधन झाले. पुढे १९७३ साली व्हिक्टर एरिसे या स्पॅनिश दिग्दर्शकाने ‘मधमाश्यांच्या पोळ्याचा आत्मा’ या अर्थाच्या नावाचा चित्रपट काढला. यादवी युद्ध संपून जेमतेम वर्ष लोटलेल्या एका खेड्यात हा जुना ‘फ्रँकेन्स्टाइन’ दाखवला जातो. तो पाहून आना नावाची चिमुरडी राक्षसाच्या शोधात निघते. ओसाड घरात तिला भेटतो एक जखमी फरारी. ती घाबरत नाही. त्याला सफरचंद देते आणि वडिलांचा कोट नेऊन देते.