मूर्ती, पुतळा, शिल्प : वि. पां. करमरकर

कुरकुंभच्या फिरंगाई मंदिरात गेल्यावर आपल्या तोंडी ‘मूर्ती’ हा शब्द येतो, चौकात ‘पुतळा’ आणि कलादालनात ‘शिल्प’. हे तीन शब्द आपण समानार्थी मानतो. परंतु त्यांच्या अर्थच्छटा भिन्न आहेत. विनायक पांडुरंग करमरकर यांचे चरित्र वाचताना हा भेद आपल्या ध्यानी येईल.

करमरकरांचा जन्म 1891 साली अलिबागजवळील सासवणे या गावी झाला. घरात गणपती घडविण्याची परंपरा होती. त्यामुळे मातीशी त्यांचा पहिला परिचय झाला तो ‘मूर्ती’च्या रूपाने. मूर्ती पूजेसाठी असते. तिचे रूप परंपरेने ठरलेले असते आणि घडविणाऱ्याचे नाव मागे राहते. गावच्या देवळाच्या भिंतीवर त्यांनी काढलेले शिवाजी महाराजांचे चित्र कुलाब्याचे जिल्हाधिकारी ऑटो रॉथफील्ड यांच्या दृष्टीस पडले. त्यांच्या साहाय्याने हा ग्रामीण मुलगा मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाला. पुढे कलकत्त्यात व्यवसाय करून, 1920 नंतर त्यांनी लंडनच्या रॉयल अकॅडमीत शिक्षण घेतले.

आता दुसरा शब्द पाहा. पुतळा समाजाच्या स्मरणासाठी उभारला जातो. पुण्यातील श्री शिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूलच्या आवारातील अश्वारूढ शिवाजी महाराजांचा कांस्यपुतळा करमरकरांनी घडविला. त्याचे अनावरण जून 1928 मध्ये झाले. अशा कामात आधी मातीचा नमुना, त्यावरून साचा आणि साच्यात वितळलेला धातू असा क्रम असतो. येथे साडेतेरा फूट उंचीचा घोडा व स्वार एकसंध ओतावयाचे होते. ओतकामात चूक झाली असती, तर दीर्घ परिश्रम वाया गेले असते. हे ओतकाम मुंबईतच यशस्वी झाले. भव्य ओतकामासाठी परदेशाकडे पाहण्याच्या त्या काळात हे धाडसच होते.

तथापि, करमरकर पुतळ्यांपाशी थांबले नाहीत. ‘शंखध्वनी’ आणि कोळी मुलीचे शिल्प या कृतींमागे पूजा नव्हती, स्मारकाची मागणीही नव्हती. सासवण्याच्या घरी त्यांनी सिमेंटसारख्या साध्या माध्यमात भोवतालची माणसे आणि जनावरे साकारली. राजाच्या घोड्याला दिलेले लक्ष त्यांनी गोठ्यातल्या म्हशीलाही दिले. पाहण्याचा हा समभाव म्हणजेच शिल्प.

1967 साली त्यांचे निधन झाले. सासवण्याचे ते घर आज त्यांच्या कृतींचे संग्रहालय आहे.

मूर्तीपासून पुतळ्याकडे आणि पुतळ्यापासून शिल्पाकडे असा हा प्रवास आहे. माती मात्र तिन्ही ठिकाणी तीच. शब्द बदलतो तो पाहणाऱ्याच्या नात्यामुळे.

स्वाध्याय : आपल्या गावातील एखादी घडीव कृती निवडा. लोक तिला या तिन्हींपैकी कोणत्या शब्दाने संबोधतात आणि का, ते दहा ओळींत लिहा.