ओग्युस्तँ पिराम द कांदोल

ओग्युस्तँ पिराम द कांदोल (४ फेब्रुवारी, १७७८ – ९ सप्टेंबर, १८४१) हे स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ होते. वनस्पतींच्या वर्गीकरणासाठी ते प्रसिद्ध आहेत. कृत्रिम प्रकाशामुळे सजीवाचे अंतर्गत घड्याळ कसे विस्कळीत होते, हे दाखवणारे आरंभीचे प्रयोगही त्यांनीच केले. ही बाब मात्र तुलनेने दुर्लक्षित राहिली.

त्यांचा जन्म जिनिव्हा येथे झाला. १७९८ मध्ये ते पॅरिसला गेले. तेथे लामार्क यांनी आपल्या फ्रान्सच्या वनस्पतिकोशाची सुधारित आवृत्ती त्यांच्याकडे सोपवली.

प्रकाशाचे प्रयोग

लाजाळूची पाने रात्री मिटतात व सकाळी उघडतात. अंधारात ठेवल्यावरही हा क्रम चालू राहतो, असे फ्रेंच शास्त्रज्ञ द मेराँ यांनी १७२९ मध्ये पाहिले होते. कांदोल यांनी याच झाडाला दिव्यांच्या अखंड उजेडात ठेवले. पानांची उघडझाप थांबली नाही. मात्र ती दररोज दीड ते दोन तास आधी होऊ लागली. म्हणजे झाडाचा स्वतःचा दिवस २२-२३ तासांचा होता. तो सूर्याच्या तालावर चालत असता, तर २४ तासांचा भरला असता.

नंतर त्यांनी रात्री दिवे व दिवसा काळोख अशी उलटी व्यवस्था केली. प्रथम पाने कोणत्याही नियमाविना उघडू-मिटू लागली. काही दिवसांनी त्यांनी नवा क्रम स्वीकारला आणि ती संध्याकाळी उघडून सकाळी मिटू लागली. आंबुशीच्या जातींवर मात्र दिव्यांचा परिणाम झाला नाही. नियतकालिक हालचालीची प्रवृत्ती वनस्पतीत उपजतच असते, असा निष्कर्ष कांदोल यांनी काढला. हे निष्कर्ष १८०६ मध्ये प्रसिद्ध झाले. तेव्हा विजेचे दिवे अस्तित्वातही नव्हते.

माणसाचे असे घड्याळ मेंदूत असते आणि डोळ्यांवाटे पोहोचणाऱ्या प्रकाशाने ते पुढेमागे सरकते, हे विसाव्या शतकात स्पष्ट झाले. रात्रीच्या उजेडाने झोपेची वेळ सुचवणाऱ्या मेलाटोनिनचे स्रवणही घटते. कांदोल यांच्या लाजाळूला दिवसा गडद अंधार आणि जुळवून घेण्यास सलग दिवस मिळाले होते. रात्रपाळी करणाऱ्याला सहसा यांपैकी काहीच मिळत नाही. घरी परतताना सकाळचे ऊन त्याचे घड्याळ पुन्हा मागे ओढते.

उत्तरायुष्य

माँपेलिए येथे अध्यापन केल्यानंतर ते १८१६ मध्ये जिनिव्हाला परतले. वर्गीकरणशास्त्रासाठीची 'टॅक्सॉनॉमी' ही संज्ञा त्यांनी १८१३ मध्ये रूढ केली. सर्व ज्ञात बीजधारी वनस्पतींच्या वर्णनाचा 'प्रोद्रोमस' हा ग्रंथ त्यांनी १८२४ मध्ये सुरू केला. सात खंडांनंतर त्यांचे निधन झाले व पुढील काम त्यांचे पुत्र आल्फाँस यांनी चालवले. खाजकुइलीच्या शास्त्रीय नावापुढे येणारी 'डीसी' ही अक्षरे कांदोल यांचीच होत.